न मेलेल्या माणसांचा सेनापती

मित्रांनो, आधी माझ्या नाकाकडे बघून पोटभर हसून घ्या, म्हणजे मग नीट बोलता येईल. नाकाचा शेंडा उंदरांनी नेला. डावा कान चुलीच्या धगीने ओघळून गालावर आला आहे. भुवया पाहिल्या तर वाटेल हा माणूस आता कोणाला तरी फाडून खाणार, आणि तोंड पाहिले तर वाटेल याला कोणीतरी गुदगुल्या करत आहे. असा मी, मेणाचा एक जुना मुखवटा. रोममधल्या त्रेबानियस घराण्याच्या स्वयंपाकघरामागे, ऑलिव्हच्या रांजणाशेजारी माझा मुक्काम असतो.

पण हे आत्ताचे. पूर्वी मी दिवाणखान्यात, लाकडी कपाटात, दारे लावून ऐटीत राहत असे. आमच्या शहरात ज्या घरातला माणूस मोठ्या पदावर चढतो, त्याच घराला त्याचा मेणाचा चेहरा ठेवण्याचा मान मिळतो. पुढे घरात कोणी वारले की नट बोलावतात. ते हे चेहरे लावून, त्या त्या पूर्वजाचे कपडे घालून प्रेतापुढे चालतात. म्हणजे सगळे जुने मेलेले नव्या मेलेल्याला न्यायला येतात. चौकातल्या उंच ओट्यावर आम्हाला हस्तिदंती खुर्च्यांवर बसवतात आणि वारलेल्याचा मुलगा आमच्या देखत आमची स्तुती करतो. आम्हाला बोलता येत नाही, हे त्याच्या फार पथ्यावर पडते.

माझा चेहरा स्पुरियस त्रेबानियसचा. तो प्रेटर होता, म्हणजे एरवी न्याय करायचा आणि वेळ पडली तर फौज घेऊन निघायचे. बुटका, ढेरपोट्या, चालताना उजवा पाय जरा ओढणारा माणूस. वर्षाच्या मोहिमेवरून परत आल्यावर त्याने कारागिराला घरी बोलावले. कारागिराने त्याच्या तोंडाला तेल चोपडले, नाकपुड्यांत दोन काड्या खोचल्या आणि वर गच्च चुना थापला. "आता हलायचं नाही," असे बजावून तो हात धुवायला गेला. तेवढ्यात स्पुरियसची बारा वर्षांची मुलगी त्रेबानिया तिथे आली आणि त्या काड्यांमधून हळूच फुंकर मारू लागली.

"साहेब, हसू नका!" कारागीर आतून धावत आला. "अहो, तोंड वाकडं येईल! शंभर वर्षं वाकडं राहील!"

चुन्याच्या आतून नुसते "हं हं हं" ऐकू आले. तोंड वाकडे आलेच. साच्यात मेण ओतले, रंग चढवला, आणि ओठांचा डावा कोपरा वर गेलेला मी जन्माला आलो. स्पुरियस मला हातात घेऊन बराच वेळ बघत राहिला.

"दुसरा करू?" कारागिराने पडेल आवाजात विचारले.

"कशाला?" स्पुरियस म्हणाला. "हाच तर मी आहे."

आता त्या मोहिमेबद्दल सांगायलाच हवे, कारण पुढचे सगळे रामायण तिच्यामुळे घडले. स्पुरियसला चार हजार माणसे देऊन उत्तरेच्या डोंगराळ भागात पाठवले होते. वर कड्यावर डोंगरी लोक, खाली खिंडीत आमचे. वर चढून जावे तर वरून दगड येणार हे आंधळ्यालाही दिसत होते. पण लढल्याशिवाय परत येणाऱ्या सेनापतीला आमच्याकडे बांगड्या भरायच्याच काय त्या बाकी ठेवतात. आता आमच्या फौजेत लढाईच्या आधी पवित्र कोंबड्यांचा कौल घेतात. पहाटे पिंजरा उघडून त्यांच्यापुढे लापशीचे गोळे टाकायचे. त्यांनी हावरटासारखे खाल्ले तर देव प्रसन्न, चला लढाईला. नाही खाल्ले तर देवांची मर्जी नाही, आज लढाई नाही. मग सेनापती असो नाहीतर त्याचा बाप.

स्पुरियसने काय केले? कोंबड्यांचा राखणदार उठण्याआधी तो स्वतः उठायचा, झग्याच्या घोळात ओंजळभर सातू घेऊन पिंजऱ्याकडे जायचा आणि "या गं बायांनो, या" करत त्यांना गळ्यापर्यंत चारायचा. मग राखणदार येऊन गोळे टाकायचा, तर कोंबड्या मख्ख. असे दहा दिवस चालले. शेवटी शेवटी त्या इतक्या फुगल्या की पिंजऱ्याच्या दारातून बाहेरच येईनात. अकराव्या दिवशी बर्फ पडला. वरच्यांचे धान्य संपले होते, त्यांचे म्हातारे खाली येऊन तहाचे बोलू लागले. स्पुरियस चार हजार माणसे घेऊन गेला आणि चार हजार माणसे घेऊन परत आला.

देवांच्या कौलात अशी ढवळाढवळ म्हणजे घोर पाप. कळले असते तर त्याला शहरात राहू दिले नसते. म्हणून त्याने हे फक्त मुलीला सांगितले, तेही माझ्या कपाटासमोर बसून, म्हणून मला ठाऊक. "कुणाला बोलू नकोस हं, चिमणे," तो म्हणाला. तिने देवघरातल्या देवांची शपथ घेतली. सिनेटने त्याला विजययात्रा दिली नाही, कारण विजययात्रेसाठी निदान पाच हजार शत्रू मेलेले लागतात आणि स्पुरियसच्या खात्यात एकही नव्हता. त्याने परसात कोंबड्या पाळल्या. जेवायला आलेला एखादा पाहुणा आपल्या पराक्रमाचे ढोल पिटू लागला की स्पुरियसचा हात आपोआप घोळात जायचा, दाणे काढायचा, आणि तो "या, या" करत अंगणात टाकत बसायचा. मुलगी तेवढी तोंडावर हात धरून हसायची. पुढे तो समुद्राकाठच्या मळ्यावर तापाच्या साथीत गेला. साथीमुळे तिकडेच घाईघाईने दहन झाले. ना मिरवणूक, ना भाषण. मी कपाटातच राहिलो.

माझ्या कपाटात शांतता होती असे समजू नका. शेजारच्या कपाटात एक मुखवटा होता, त्याच्याखालच्या पाटीवर लिहिले होते की हे गृहस्थ थेट ट्रॉयहून, म्हणजे रोमच्या मूळ पूर्वजांच्या गावाहून, जहाजात बसून आले. खरे म्हणजे ते एका बुडालेल्या घराण्याच्या लिलावातून हातगाडीत बसून आले होते. त्यांचा आमच्या घराण्याशी बादरायण संबंधही नव्हता. पण सणासुदीला कपाटे उघडली की सर्वांत जास्त हार त्यांच्या गळ्यात. मी काही बोललो नाही. मेणाला राग आला की ते वितळते, म्हणून आम्ही जपून असतो.

अशी पन्नास वर्षे गेली. त्रेबानिया लग्न करून सासरी गेली, विधवा होऊन धाकट्या भावाच्या घरी परत आली. केस पांढरे झाले, पण माझ्या कपाटाची धूळ ती कोणा दासीला पुसू देत नसे. आणि एक दिवस तिचा भाऊ वारला.

भावाचा मुलगा ऑलस तेव्हा चौतिशीचा होता आणि नगराधिकाऱ्याच्या निवडणुकीला उभा होता. बापाचे दुःख त्याला होते, नाही असे नाही. पण डोळे पुसता पुसता त्याच्या लक्षात आले की सारे शहर चौकात जमणार, आणि भाषण आपल्याला करायचे आहे. आता वडिलांबद्दल सांगण्यासारखे काय, तर त्यांना बीटची पाने आवडत आणि ते दुपारी झोपत. म्हणून त्याची दृष्टी आजोबांवर गेली. म्हणजे माझ्यावर.

त्याने डेमोफिलस नावाच्या कवीला बोलावले. हा दक्षिणेकडच्या ग्रीक गावातून आलेला, जन्माने ग्रीक, पण लॅटिन अशी लिहायचा की आमच्या लोकांनी शिकावी. त्या काळी आमचे बहुतेक शूर पूर्वज असेच बाहेरगावच्या माणसांनी घडवलेले होते. डेमोफिलसने आपल्या देशाच्या जुन्या कथांतला एक वीर घेतला, त्याला आंघोळ घातली, टोगा नेसवला आणि त्याचे नाव स्पुरियस त्रेबानियस ठेवले. तीन दिवसांत दोनशे ओळी तयार. दिवाणखान्यात त्या वाचून झाल्या तेव्हा मी कपाटातून ऐकत होतो. त्या कवितेत मी एकट्याने कडा चढून गेलो होतो. डोंगरी राजाला द्वंद्वात लोळवले होते. बारा हजार शत्रू मेले होते. आणि राजाच्या छातीवर पाय देऊन मी ओरडत होतो, "आयांनो, रडा! रडणे हेच तुमचे काम!"

ऐकणाऱ्यांमध्ये न्युमेरियस पॅकोनियस नावाचा सिनेटमधला म्हातारा होता. तो शहराच्या स्थापनेपासूनचा इतिहास वर्षावार लिहीत होता. तो टाळ्या वाजवत उठला.

"ऑलस, मला याची प्रत हवी. त्या सालाचं माझ्याकडे काहीच नाही रे. पुजाऱ्यांच्या नोंदीत एवढंच आहे की गहू महाग झाला आणि एका गावात दोन तोंडांचं वासरू जन्मलं. वासरावर एक पान कसं भरू?"

"देतो काका. चौकात वाचून झालं की लगेच."

"म्हणजे कायमचं झालं बघ. मी लिहिलं की पुढचे माझ्यावरून लिहिणार."

हे शब्द ऐकून दाराशी बसलेली त्रेबानिया उठून उभी राहिली.

"ऑलस, तुझ्या आजोबांनी कुणालाही मारलं नाही."

"आत्या, तू तेव्हा लहान होतीस."

"बारा वर्षांची होते. आणि बारा हजार कुठले? त्या डोंगरात शेळ्या धरल्या तरी पाच हजार भरणार नाहीत!"

"अगं, कविता आहे ती!"

"कविता आहे तर इतिहासात कशाला घालता?"

पॅकोनियस घसा साफ करून म्हणाला, "बाई, मग खरं काय घडलं ते तुम्ही सांगा. मी लिहून घेतो."

त्रेबानियाला शपथ आठवली. शिवाय खरे सांगावे तर बाप पापी ठरणार, न सांगावे तर कसाई. इकडे आड तिकडे विहीर म्हणतात ते हेच. ती एवढेच म्हणाली, "ते वाक्य तरी काढा. ते आयांचं."

"वाक्य तर सगळ्यात झकास आहे!" ऑलस म्हणाला.

सगळे जेवायला गेल्यावर डेमोफिलस मागे रेंगाळला. माणूस वाईट नव्हता. तो खाली बघत म्हणाला, "बाईसाहेब, मला कळतंय, ते तसे नसणार. त्यांच्या मुखवट्यावरूनच दिसतंय. पण तुम्हीच सांगा, न मेलेल्या माणसांवर काव्य कसं करायचं? मेलेला माणूस एका ओळीत बसतो. जिवंत परतलेल्याचं काय लिहू? घरी आला, जेवला, झोपला?"

"करून तरी बघायचं होतंस," त्रेबानिया म्हणाली.

ती माझ्यासमोर येऊन बसली. मी तिला इतके हरलेले कधी पाहिले नव्हते. "बाबा," ती म्हणाली, "तुम्हाला पाहिलेली मी शेवटची. मी गेले की तुम्ही त्या माणसाच्या छातीवर पाय देऊन उभे राहणार, कायमचे." मला काहीतरी बोलावेसे वाटले. माझ्या ओठाचा एक कोपरा वर होता, तेवढाच काय तो तिला धीर.

दुसऱ्या दिवशी तोही जाण्याची वेळ आली. ऑलसने कारागीर बोलावला होता. "चेहरा जरा उग्र करा," त्याने हुकूम सोडला. कारागिराने तापलेल्या सळीने माझ्या भुवया ओढून ओढून अशा केल्या की मलाच माझी भीती वाटू लागली. मग सळी ओठांकडे वळली. तेवढ्यात त्रेबानिया आली.

"तोंडाला हात लावलास तर ही सळी तुझ्या कुठं लावीन ते सांगत नाही."

"बाईसाहेब, मालकांनी—"

"मालकाचं ढुंगण मी धुतलेलं आहे. ठेव ती सळी."

कारागिराने सळी ठेवली. कपाळावर युद्ध आणि ओठांवर विनोद अशी माझी अवस्था झाली, ती आजतागायत आहे.

आणि मग हिलारस आला. मला घालणारा नट तो. आमच्याकडचे चांगले नट नुसता मुखवटा चढवून चालत नाहीत. तो माणूस कसा चालायचा, कसा खोकायचा, रागावला की काय करायचा, हे घरच्यांना विचारून घोटून घेतात. हिलारस या बाबतीत फारच काटेकोर होता. एकदा एका दम्याच्या पूर्वजाचे काम करताना तो इतका खरा खोकला की वैद्य धावून आले होते. त्याने ऑलसला विचारले, "आजोबा चालायचे कसे?"

"सिंहासारखे."

"सिंह चार पायांवर चालतो, मालक. मला दोन पायांचं सांगा."

"मला वेळ नाही. आत्याला विचार. तिनं पाहिलंय त्यांना."

असे म्हणून ऑलस भाषण पाठ करायला गेला. आयुष्यातली सर्वांत मोठी चूक, किंवा सर्वांत मोठा शहाणपणा, त्याने अशा बेफिकिरीने केला.

त्रेबानियाने हिलारसकडे पाहिले, मग माझ्याकडे पाहिले. शपथ न बोलण्याची होती. चालून दाखवायची नव्हती.

"ऊठ," ती म्हणाली. "उजवा पाय ओढ. एवढा नको रे, लंगडे नव्हते ते! नुसता जरा उशिरा येऊ दे. हं. पोट पुढे. आणि मान अशी, जणू कुणी आपल्याला ओळखू नये असं वाटतंय."

सकाळपासून संध्याकाळपर्यंत तिने त्याला अंगणात फिरवले. साठीची बाई बापासारखी चालून दाखवत होती आणि मागून तो नट. दासी भांडी टाकून बघायला आल्या.

"त्यांची काही खास लकब?" हिलारसने शेवटी विचारले.

"होती," ती म्हणाली. "कुणी फार मोठ्यानं बढाया मारायला लागलं, की ते काही बोलायचे नाहीत. हात असा घोळात घालायचे, दाणे काढायचे आणि टाकायचे. 'या गं बायांनो, या.' बस्स."

"कोंबड्यांना?"

"कोंबड्यांना."

"का पण?"

"तुला लकब हवी होती ना? का ते विचारू नकोस."

अंत्ययात्रेच्या दिवशी चौक गच्च भरला होता. पुढे बासऱ्या, मग रडणाऱ्या बायका, मग आम्ही. ऑलसने हिलारसला सोन्याच्या वेलबुट्टीचा टोगा दिला होता, जो विजययात्रा काढलेल्यालाच शोभतो. त्या टोग्यात हिलारस पाय ओढत, पोट पुढे काढून, ओशाळल्यासारखा चालला होता. ट्रॉयवाले गृहस्थ आमच्यापुढे छाती काढून चालले होते. ओट्यावर खुर्च्या मांडल्या होत्या, आम्ही बसलो. खाली गर्दीच्या पुढच्या रांगेत पंधरावीस म्हातारे काठ्या टेकून उभे होते. कोण असतील, मला कळले नाही. त्रेबानिया बायकांमध्ये उभी होती, तिचा चेहरा माझ्यापेक्षा पांढरा.

ऑलसने आवाज लावला. वडिलांची बीटची पाने दोन वाक्यांत आटोपली आणि तो आजोबांवर आला. कडा चढला. तलवार उपसली. आवाज चढत चढत गेला, आणि तो गरजला, "आयांनो, रडा—"

हिलारसचा हात घोळात गेला. मी सांगितले ना, माणूस काटेकोर होता. त्याने घोळात खरेखुरे सातू भरून आणले होते. त्याने ओंजळ काढली, जरा पुढे वाकला, आणि गोड आवाजात म्हणाला, "या गं बायांनो, या."

दाणे ओट्यावर पसरले. देवळाच्या छपरावरची कबुतरे क्षणभर विचारात पडली आणि मग झुंडीने खाली उतरली. बारा हजारांचा कर्दनकाळ सोन्याच्या टोग्यात बसून पाखरांना चारत होता. ऑलस तोंड उघडे टाकून बघत राहिला. एक कबूतर त्याच्या हातातल्या गुंडाळीवर बसले.

मग पुढच्या रांगेतल्या एका बोळक्या म्हाताऱ्याने काठी उंचावली.

"अरे, हा तर आपला म्हातारा!"

"कोण? तो सोनेरी टोगावाला?" शेजाऱ्याने विचारले.

"टोगा घाल चुलीत. हात बघ, हात! आपला कोंबडीवाला!"

"कोंबडीवाला!" दुसरा ओरडला. "अरे देवा, तोच! तोंडही तसंच वाकडं!"

आणि ते पंधरावीस म्हातारे एकमेकांच्या गळ्यात पडून हसू लागले. हसता हसता रडू लागले. ते स्पुरियसच्या फौजेतले होते. पहिला म्हातारा, कॅनियस त्याचे नाव, गर्दीकडे वळला. बाजूला उभा असलेला पुजारी कान टवकारून ऐकत होता, तो त्याला दिसला.

"आम्ही काही पाहिलेलं नाही बरं का!" कॅनियस मोठ्याने म्हणाला. "दहाही दिवस पहाटेच्या पहाऱ्यावर मीच होतो. कुणी आलं-गेलं की मी पाठ फिरवून आकाशातले तारे मोजायचो!"

"मी पण!" एक म्हणाला.

"माझी तर मान अवघडली होती!" आणखी एक म्हणाला. "तंबूपासून पिंजऱ्यापर्यंत सातू सांडलेले असायचे, ते आम्ही झाडूनही टाकायचो. पण पाहिलं काही नाही!"

पुजाऱ्याने आकाशाकडे पाहिले, जणू तिथे फार महत्त्वाचा पक्षी उडत होता. कॅनियसने मागून एका दाढीवाल्या माणसाला पुढे ओढले. "हा माझा मुलगा. ही त्याची चार पोरं. त्या मागच्या खांबाजवळचे सगळे आमचेच. तो कडा चढलो असतो तर यांतलं एक तरी असतं का रे? ए कोंबडीवाल्या, बघ तरी किती झाले!"

त्याने एका नातवाच्या खांद्यावर बसलेली पणती उंच धरून मला दाखवली. तिने माझे तोंड पाहिले आणि हसली.

मित्रांनो, मेणाला घाम फुटत नाही, अश्रूही येत नाहीत. पण हिलारस मुखवट्याच्या आत रडत होता आणि ते पाणी माझ्या डोळ्यांच्या भोकांतून बाहेर येत होते, म्हणून सगळ्यांना वाटले मीच रडतो आहे. वाटले ते चुकीचे नव्हते.

त्रेबानिया ओट्याच्या पायरीशी आली होती. तिने खालूनच मला हाक मारली, "बाबा! अहो बाबा, सगळ्यांना ठाऊक होतं!" पन्नास वर्षे तिला वाटत होते की गुपित दोघांचेच आहे. ते चार हजारांचे होते, आणि एकानेही तोंड उघडले नव्हते.

निवडणुकीत ऑलस निवडून आला. कॅनियसची खांबाजवळची सगळी मंडळी, आणि तशीच बाकीच्या म्हाताऱ्यांची, रांगा लावून आली होती. ऑलसची समजूत अशी की कविता लोकांना फार भावली.

आता तुम्ही म्हणाल, मग खरी गोष्ट इतिहासात गेली असेल. पॅकोनियसने प्रयत्न केला, खोटे कशाला बोलू? तो पाटी घेऊन एकेका म्हाताऱ्याच्या घरी गेला. "तुम्ही काय पाहिलंत?" त्याने विचारले. सगळ्यांनी एकच उत्तर दिले, "काही नाही." त्यांनी आपल्या सेनापतीचे पाप पन्नास वर्षे झाकले होते, ते एका पानासाठी उघडे करतील? शेवटी पॅकोनियसकडे लेखी पुरावा एकच उरला, डेमोफिलसच्या दोनशे ओळी. त्याने त्या साध्या गद्यात उतरवल्या. बारा हजार जरा जास्त वाटले म्हणून त्याने विवेक राखून अकरा हजार केले. वासरूही ठेवले. पुस्तकांच्या दुकानात आज तेच मिळते, आणि गुरुजी मुलांकडून तेच पाठ करून घेतात.

डेमोफिलस मात्र काही दिवसांनी आला. त्याच्या हातात मेणाची लहान पाटी होती. "बाईसाहेब," तो म्हणाला, "करून बघितलं." त्याने चार ओळी वाचल्या. त्यांत एक बुटका माणूस पहाटेच्या थंडीत घोळ सांभाळत चालला होता, आणि चार हजार माणसे त्याच्याकडे पाठ करून उभी होती. तलवार कुठेच नव्हती. मी त्या घरात पुष्कळ कविता ऐकल्या, पण तेवढी सुंदर लॅटिन पुन्हा कधी कानावर पडली नाही. त्रेबानिया आधी हसली. मग तिने पुन्हा वाचायला सांगितले. मग पुन्हा. मग पाटी हातात घेतली, लेखणीचे चपटे टोक फिरवले आणि चारही ओळी स्वतः पुसून टाकल्या.

"अहो, हे काय!" डेमोफिलस कळवळला.

"कुणाच्या हाती लागली तर?" ती म्हणाली. "चार हजार जण गप्प राहिले. मीच का तोंड उघडावं? पण छान जमलंय हो तुला. न मेलेल्यांवर जमतं."

पुढे ऑलसच्या मुलांनी नवे घर बांधले. तिथे संगमरवरी पूर्वज आले, ट्रॉयवाल्यांचाही पुतळा झाला. आम्ही मेणाचे या जुन्या घराच्या मागच्या बाजूला गेलो. माझ्या पाटीवर विजययात्रा लिहिलेली आहे, आणि ती वाचून उंदीरसुद्धा घाबरत नाहीत. मला त्याचे फारसे वाटत नाही. चुलीपासून चार हात लांब ठेवले आणि नाकावर एखादे फडके टाकले, तर अजून शंभर वर्षे मी सहज काढीन.

वाटते ते एकाच गोष्टीचे. त्रेबानिया जाऊन आता वीस वर्षे झाली. आमच्याकडे बायकांचे मुखवटे करत नाहीत. तिने कोणते पद भूषवले नव्हते, मग साचा कोण काढणार? पॅकोनियसच्या पुस्तकात तिचे नाव नाही, दोनशे ओळींत ती नाही, आणि चार ओळी तिनेच पुसल्या. तिचे नाक कसे होते, हसताना ती तोंडावर हात कसा धरायची, हे सांगणारे शहरात कोणी उरलेले नाही. म्हणून तुम्हाला एवढी विनंती आहे, मित्रांनो. आमची धूळ पुसा, पण आधी आमची धूळ पुसणाऱ्यांना जवळ बसवून त्यांची गोष्ट विचारून घ्या. मुखवट्यांना फार घाई नसते. माझ्यावरून रोज फडके फिरवणारा तो हात, करंगळी जरा वाकडी असलेला, माझ्याशिवाय कोणालाच आठवत नाही, आणि मी तर मेणाचा.